असंलग्न तांबे मॅडम

तांबे मॅडम गेल्याचं मला व्हॉट्सॲपवरून कळलं. जुन्या विद्यार्थ्यांच्या ग्रुपवर कुणीतरी त्यांचा फोटो टाकला होता आणि खाली हात जोडलेल्या चित्रांची रांग लागली होती. त्या रांगेत एकाने नुसतंच लिहिलं होतं, "शाब्बास, मॅडम." ज्यांना माहीत नव्हतं त्यांना ते विचित्र वाटलं असेल. ज्यांना माहीत होतं, त्यांना कळलं की हा पोरगा रडत रडत लिहितोय.

कारण 'शाब्बास' ही तांबे मॅडमची शिवी होती. खऱ्या शिव्या त्यांना येत नव्हत्या असं नाही. नायगावच्या बीडीडी चाळीत वाढलेल्या बाईला शिव्या येत नाहीत म्हणणं हा त्या चाळीचा अपमान होईल. पण त्या शिवी वाया घालवत नसत. एखाद्याने उत्तराऐवजी थाप मारली की त्या चष्मा कपाळावर सरकवायच्या, त्याच्याकडे कौतुकाने बघायच्या आणि म्हणायच्या, "शाब्बास!" मुलगा खाली बसायचा तो तास संपेपर्यंत उठायचा नाही.

माझी त्यांची ओळख झाली ती लालबागच्या एका कॉलेजात. कॉलेजचं नाव सांगत नाही. नावात 'ज्ञान' होतं आणि ते तिथे नावापुरतंच होतं. खालच्या दोन मजल्यांवर लग्नाचा हॉल, वरच्या दोन मजल्यांवर आम्ही, आणि दोन्हींचे मालक एकच, अप्पासाहेब. खाली लग्नं लावायची आणि वर डिग्र्या. दोन्हीकडे पुढे काय होईल याची जबाबदारी व्यवस्थापनाची नाही. लग्नसराईत मी फळ्यावर मागणी-पुरवठ्याचा आलेख काढत असलो की खालून 'सावधान' ऐकू यायचं आणि वर्गातली पेंगणारी मुलं खरोखरच सावध व्हायची. मसाल्याच्या गल्लीतून मिरचीचा खकाणा आला की सगळा वर्ग एकदम शिंकायचा. आमच्याकडे हजेरी घ्यायची ती सगळ्यात खात्रीची पद्धत होती.

मी अर्थशास्त्र शिकवायचो, मॅडम व्यापारी कायदा. दोघंही तासिका तत्त्वावर, म्हणजे जेवढे तास तेवढाच पगार. "आपण टॅक्सीसारखे, सर," त्या म्हणायच्या. "मीटर पाडलं की प्राध्यापक. मीटर उचललं की नुसते उभे." माझे केस पांढरे व्हायला लागले होते, त्यांचे होऊन गेले होते, आणि दोघांच्याही नेमणुकीच्या कागदावर अजून 'तात्पुरती' असंच लिहिलेलं होतं.

ठेंगणी मूर्ती, सुती साडी आणि साडीखाली पांढरे स्पोर्ट्स शूज. त्यांच्याकडे वकिलीची सनद होती. सुरुवातीला काही काळ कोर्टात काढला होता. का सोडलं, म्हणून मी एकदा विचारलं. म्हणाल्या, "तिथे खोटं बोलायचे पैसे मिळतात. इथे खोटं फुकट ऐकायला मिळतं. मला बोलण्यापेक्षा ऐकायला आवडतं." हे त्यांनी मधे एकदाही श्वास न घेता सांगितलं. त्यांना ऐकायला किती आवडायचं ते त्यावरून समजावं.

त्यांना एक खोड होती. छापलेलं काहीही दिसलं की त्या मोठ्याने वाचत. दुकानाच्या पाट्या, फरसाणच्या पुड्यावरची बारीक अक्षरं, बिलाच्या मागचा मजकूर. त्यांच्याबरोबर दादरला खरेदीला जायची चूक माझ्या बायकोने एकदा केली. साडीच्या दुकानात गल्ल्यामागे पाटी होती, 'एकदा विकलेला माल परत घेतला जाणार नाही.' मॅडमनी ती वाचली आणि मालकाला अत्यंत नम्रपणे विचारलं, "हे तुम्ही कायदा म्हणून लिहिलंय की इच्छा म्हणून?"

मालक म्हणाला, "म्हणजे काय, ताई?"

"नाही, इच्छा असेल तर राहू दे. माझ्याही बऱ्याच इच्छा आहेत. कायदा म्हणून लिहिलं असेल तर मी जरा बसते."

आणि त्या बसल्या. माल खराब निघाला तर काय होतं यावर त्यांनी मालकाला, दोन सेल्समनना आणि पदराचा रंग बघणाऱ्या चारपाच बायकांना एक अख्खा तास घेतला. मालकाने चहा मागवला. बायकोची साडी राहिलीच. पुढच्या वेळी आम्ही गेलो तेव्हा त्या जागी गणपतीचा फोटो होता.

अप्पासाहेबांच्या वाढदिवसाला कॉलेजात भाषणं होत. एका वर्षी मॅडमवर पाळी आली. अप्पासाहेब खालून आणलेल्या लग्नाच्या सिंहासनावर बसले होते, नवरीची बाजू रिकामी होती. मॅडम उभ्या राहिल्या आणि म्हणाल्या, "अप्पासाहेबांनी शिक्षणासाठी काय केलं नाही? काय काय केलं नाही हे सांगायला लागले तर आजचा दिवस पुरणार नाही." टाळ्या. "ज्ञानाची गंगा त्यांनी थेट तिसऱ्या मजल्यावर चढवली, तीही लिफ्ट नसताना." पुन्हा टाळ्या. अप्पासाहेबांचे डोळे भरून आले. त्यांनी उठून मॅडमना स्वतःच्या गळ्यातला हार घातला. खाली उतरताना मॅडम मला म्हणाल्या, "सर, माणूस इतका मोठा झाला की त्याला टोमणा लागत नाही. गेंड्याचं तसंच असतं."

मग विद्यापीठाची समिती आली. संलग्नता चालू ठेवायची की नाही हे ठरवायला अशी समिती येते, आणि ती येण्याच्या आदल्या दिवशी कॉलेज जन्माला येतं. आमचं ग्रंथालय म्हणजे एक लोखंडी कपाट, त्याची किल्ली प्राचार्यांकडे. त्या दिवशी सकाळी टेम्पो आला आणि त्यातून पुस्तकं उतरली. एका सायबर कॅफेतून कॉम्प्युटर आले. अप्पासाहेबांच्या दुसऱ्या क्लासमधली मुलं आली आणि ज्या वर्गात कधी कुणी बसलं नव्हतं तिथे बसून वह्यांमध्ये गिरगटत राहिली. व्हरांड्यात हॉलमधल्या कुंड्या लागल्या. समितीला जेवायला श्रीखंड-पुरी होती, कारण खाली त्या दिवशी मुहूर्त होता.

समितीत एक बारीकशा बाई होत्या. त्यांनी श्रीखंडाला हात लावला नव्हता. ग्रंथालयापाशी उभ्या राहून त्यांनी तांबे मॅडमना विचारलं, "मुलं हे ग्रंथालय वापरतात का?"

मॅडम म्हणाल्या, "आजपासून वापरायला लागलीत. संध्याकाळी टेम्पो येईपर्यंत वापरतील."

मग प्राचार्य मोठ्याने हसले, "आमच्या तांबे मॅडम फार विनोदी आहेत हं!" समितीतले दोघे हसले. त्या बाई हसल्या नाहीत.

पुढे जे झालं त्याचं खापर कुणी कुणी मॅडमच्या त्या वाक्यावर फोडलं. त्यांना ते मान्य नव्हतं. "एका वाक्याने कॉलेज बुडत नाही," त्या म्हणायच्या. "त्याला वर्षानुवर्षं मेहनत लागते."

उन्हाळा गेला. जूनमध्ये कॉलेजवर भलंमोठं बॅनर लागलं, 'प्रवेश सुरू'. पहिल्या वर्षाला मुलं आली, आईबापांबरोबर आली, पेढे वाटले गेले. सगळं नेहमीसारखं चाललं. मग परीक्षेचे फॉर्म भरायची वेळ आली, आणि शेवटच्या वर्षातली सई परब नावाची मुलगी स्टाफरूमच्या दारात येऊन उभी राहिली. तिची आई लालबागमध्येच चकल्या-करंज्या करून विकायची. सई फारशी बोलणारी नव्हती.

"मॅडम, बाकीच्या कॉलेजांचे फॉर्म सुरू झाले. आपलं लॉगिनच उघडत नाहीये. प्रिन्सिपल सर बोलले, टेक्निकल इश्यू आहे."

मॅडमनी समोरचं पुस्तक मिटलं. मग म्हणाल्या, "तू जा वर्गात. मी आलेच." त्यांनी विद्यापीठात फोन लावला. या विभागातून त्या विभागात, त्या विभागातून जेवणाच्या सुट्टीत. शेवटी कुणीतरी दोन वाक्यांत सांगितलं ते मला त्यांच्या चेहऱ्यावरच वाचता आलं. आमच्या कॉलेजची संलग्नता काढून घेतलेली होती, तीही प्रवेश सुरू होण्याआधीच. कॉलेजला रीतसर कळवलेलं होतं. नवीन मुलं घेऊ नका असंही कळवलेलं होतं. त्यानंतर अप्पासाहेबांनी बॅनर छापायला टाकलं होतं.

मी त्यांच्यामागोमाग वर्गात गेलो आणि दाराशी उभा राहिलो. तास माझा होता, पण आठवण करून द्यायची ती वेळ नव्हती.

"संलग्नता म्हणजे काय?" मॅडमनी विचारलं. "सई?"

"कॉलेज युनिव्हर्सिटीला जोडलेलं असणं."

"बरोबर. आपलं तुटलंय."

मग गोंधळ झाला. मुली रडायला लागल्या. निखिल नावाचा एक आडदांड मुलगा बाकावर चढला. "मॅडम, काचा फोडू या. सगळा हॉल फोडतो आपण!"

"फोड ना," मॅडम म्हणाल्या. "आत्तापर्यंत पोलिसात जायचं कारण फक्त आपल्याकडे आहे. अप्पासाहेबांकडे नाही, बिचाऱ्यांकडे. तेवढं एक त्यांना देऊन ये."

निखिल बाकावरून उतरला.

"आता नीट ऐका. आयुष्यात पहिल्यांदा माझा विषय तुमच्या कामाला येतोय. डिग्री कॉलेज देत नाही, विद्यापीठ देतं. तुम्ही प्रवेश घेतलात तेव्हा हे कॉलेज संलग्न होतं. म्हणजे तुमचा प्रवेश खरा, मागच्या वर्षांचे मार्क खरे. कॉलेज खोटं निघालं म्हणून तुम्ही खोटे ठरत नाही. संलग्नता काढताना तुमचं काय करायचं हे बघणं विद्यापीठावर आहे. दुसऱ्या कॉलेजात तुम्हाला सामावून घ्यायचं आणि परीक्षेला बसवायचं. दहावी-बारावीची ओरिजिनल तुमची आहेत. ती दाबून ठेवायचा हक्क इथे कुणाला नाही. जे शिकवलंच नाही त्याची फी परत मागायची. आणि हे काही उपकार नाहीत, तेव्हा 'प्लीज सर, बघा ना सर' म्हणत मागू नका. येणं मागतात तसं मागा."

मग जरा थांबून म्हणाल्या, "आणि कुठल्याही कागदावर सही करायची नाही. कुणी ऑटोग्राफ मागितला तरी नाही."

अप्पासाहेबांना हे अर्थातच तासाभरात कळलं. त्यांनी पालकांची सभा बोलावली, खालच्या हॉलमध्ये, वेफर्स आणि चहासकट. स्टेजवर आदल्या रात्रीच्या रिसेप्शनची फुलं तशीच होती. त्या फुलांखाली उभं राहून अप्पासाहेब रडले. मराठी माणसाच्या संस्थेविरुद्ध षड्यंत्र झालं होतं, पण एकाही मुलाचं नुकसान ते होऊ देणार नव्हते. मुलांनी फक्त एका साध्या कागदावर सही करायची: 'वैयक्तिक कारणास्तव मी स्वेच्छेने प्रवेश रद्द करीत आहे.' की लगेच ओरिजिनल हातात, आणि त्यांच्याच दुसऱ्या संस्थेत पत्राद्वारे शिक्षणाच्या कोर्सला जागा. सही नाही, तर कागदही नाहीत.

मुलगा स्वतःच सोडून गेला म्हटल्यावर त्याला सामावून घ्यायचा प्रश्न उरत नाही, फी परत द्यायचाही नाही. हे समजायला कायदा शिकायला लागत नाही. पण आपल्या पोराची बारावीची मार्कशीट दुसऱ्याच्या कपाटात अडकली की माणसाला काही समजत नाही. काही पालकांनी तिथेच मुलांना सह्या करायला लावल्या.

मॅडम हॉलच्या दारात उभ्या राहून बाहेर पडणाऱ्या प्रत्येकाला विचारत होत्या, "काका, सही झाली? वाचलंत?" अप्पासाहेबांनी ते पाहिलं आणि आम्हा दोघांना वर प्राचार्यांच्या खोलीत बोलावून घेतलं. मला का बोलावलं कुणास ठाऊक. बहुधा मी त्यांच्या शेजारी उभा होतो म्हणून.

"मॅडम, तुमच्यावर फार अन्याय झालाय," अप्पासाहेबांनी सुरुवात केली. "इतकी वर्षं तासिका तत्त्वावर. मी तुम्हाला कायम करतो. डायरेक्ट उपप्राचार्य."

"कुठल्या कॉलेजात?"

"नवीन नावाने काढतोय ना."

"त्याला संलग्नता?"

"येईल हो."

"अप्पासाहेब," मॅडम अगदी मऊ आवाजात म्हणाल्या, "'कायम' हा शब्द तुमच्या तोंडून ऐकायला मी किती वर्षं थांबले. आणि वेळ बघा कशी आली. कॉलेज गेल्यावर नोकरी पक्की होतेय. नवरा गेल्यावर लग्न ठरावं तसं."

अप्पासाहेबांचा चेहरा पहिल्यांदाच पडला. गेंड्यालाही कुठेतरी कातडं पातळ असतं म्हणायचं. "उद्यापासून तुमचा तास नाही," ते म्हणाले.

"उद्यापासून कॉलेजच नाही," मॅडम म्हणाल्या आणि पर्स उचलून निघाल्या.

ज्यांच्या सह्या झाल्या होत्या त्यांच्यात ओंकार सावंत होता. शेवटच्या वर्षाला, वर्गातला हुशार मुलगा. वडिलांनी हाताला धरून सही करायला लावली होती. मॅडम त्याच्या घरी जायला निघाल्या आणि मला म्हणाल्या, "चला, अर्थतज्ज्ञ. दोघं असलो की आपण वसुलीला आल्यासारखे वाटत नाही." अँटॉप हिलच्या सरकारी वसाहतीत ते राहत. वडील एका सरकारी खात्यात होते, वर्षभरात निवृत्त होणार होते. त्यांनी आम्हाला बसवलं, पंखा लावला, पण चेहरा घट्ट होता.

"अप्पासाहेब आमच्या तालुक्यातले आहेत," ते म्हणाले. "गावच्या देवळाला त्यांनी कळस दिलाय. ते आमच्या पोराला फसवतील?"

"छे, पोराला कशाला फसवतील?" मॅडम म्हणाल्या. "पोराने सही केली ती तुम्ही सांगितलंत म्हणून. फसवायचं तर ते तुम्हाला फसवतील."

सावंत उठून उभे राहिले. "मॅडम, तुम्ही शिकलेल्या आहात. पण माझ्या घरात बसून—"

मला वाटलं, संपलं. आता आपण निघायचं. ओंकारची आई स्वयंपाकघराच्या दारात तशीच थबकली होती, हातात सरबताचे ग्लास. मॅडमनी चष्मा काढला. टोमणा मारायचा असला की त्या तो कपाळावर ढकलत. या वेळी त्यांनी तो काढून मांडीवर ठेवला.

"सावंत, माझे बाबा गिरणीत होते," त्या म्हणाल्या. "गिरणी बंद होताना सगळ्यांना एक कागद दिला. त्यावर लिहिलं होतं, 'मी स्वेच्छेने निवृत्ती घेत आहे.' बाबांना वाचता येत होतं, तेच वाईट झालं. त्यांनी वाचलं आणि ऑफिसातल्या माणसाला विचारलं, 'स्वेच्छेने म्हणजे काय?' तो म्हणाला, 'म्हणजे तुमच्या मर्जीने.' बाबा म्हणाले, 'पण माझी मर्जी नाहीये.' तो म्हणाला, 'आधी सही करा. मग होईल.'"

ओंकारच्या आईने हातातले ग्लास खाली ठेवले.

"बाबांनी सही केली. त्यानंतर ते फार जगले नाहीत असं नाही. खूप जगले. रोज सकाळी चाळीच्या दारात उभं राहून विचारायचे, 'रजू, माझी मर्जी झाली का गं?' आम्ही हसायचो. आम्हाला वाटायचं, म्हातारा विनोद करतोय."

सावंत खाली बसले. मग म्हणाले, "आता काय करता येईल?"

"चुकीची माहिती देऊन, कागद अडकवून घेतलेली संमती ही संमती नसते. हे मी तुमच्या मुलाला दुसऱ्या वर्षात शिकवलंय. तो त्या दिवशी बहुधा गैरहजर होता."

"हजर होतो, मॅडम," ओंकार कोपऱ्यातून म्हणाला. "पण बाबांसमोर—"

"असू दे. बाबांसमोर माझाही कायदा कधी चालला नाही."

दुसऱ्या दिवशी सावंतांनी स्वतः लिहून दिलं की सही दिशाभूल करून घेतली. सरकारी नोकरीतल्या माणसाने तक्रार लिहिली की ती कशी असते ते मी पाहिलं. एक शब्द जास्त नाही, आणि एकही पळवाट नाही. ती पाहून बाकीचे सह्या करणारेही आले. मधेच गल्लीतला एका पक्षाचा कार्यकर्ताही आला. मोर्चाला शंभर माणसं देतो, फक्त बॅनरवर आमच्या साहेबांचा फोटो हवा, म्हणाला. मॅडम म्हणाल्या, "फोटो हवाच. पासपोर्ट साइजचा आणा. साहेबांचाही परीक्षेचा फॉर्म भरून टाकू." तो गेला.

विद्यापीठात आम्ही गेलो ते घोषणा न देता. खेपा मात्र पुष्कळ झाल्या. पहिल्यांदा साहेब मीटिंगमध्ये, दुसऱ्यांदा साहेब रजेवर, आणि तिसऱ्यांदा साहेब होते पण विषय त्यांचा नव्हता. मॅडम दरवेळी मुलांना जिन्यावर बसवून परीक्षेचा अभ्यास घ्यायच्या, मोठ्या आवाजात. येणारेजाणारे थांबून ऐकायचे. शेवटी एक अधिकारी बाहेर येऊन म्हणाले, "मॅडम, इथे वर्ग घेता येणार नाही."

"मग कुठे घेऊ ते तुम्ही सांगा," मॅडम म्हणाल्या. "तेवढंच विचारायला आलोय आम्ही."

त्या अधिकाऱ्यांनी त्यांना आत नेलं. माणूस भला निघाला. दुसऱ्या आणि शेवटच्या वर्षाची सगळी मुलं दादरच्या एका कॉलेजला जोडली गेली आणि परीक्षेला बसली. उरली ती ओरिजिनल. कपाटाची किल्ली हरवली, असं प्राचार्यांचं म्हणणं होतं. मॅडम पालकांना घेऊन, वाटेत पोलीस ठाण्यात डोकावून, एका हवालदारासह वर आल्या. हवालदार नुसता दारात उभा राहिला आणि प्राचार्यांना किल्ली स्वतःच्याच खिशात सापडली. सगळे कागद ग्रंथालयाच्या त्या लोखंडी कपाटात होते. ते कपाट भरलेलं मी त्या दिवशी पहिल्यांदा पाहिलं.

इथे गोष्ट संपायला हवी होती. कागद वाटून झाले, निखिल पेढे आणायला धावला, आणि सगळे मॅडमच्या पाया पडायला लागले. मागे भिंतीला टेकून पहिल्या वर्षाची मुलं उभी होती. ज्यांना संलग्नता गेल्यावर प्रवेश दिला होता, ती. त्यातली कोमल नावाची एक मुलगी पुढे आली. शीव कोळीवाड्याची. आई बाजारात मासळी विकायची, घरात कॉलेजला गेलेली ही पहिलीच.

"मॅडम," ती म्हणाली, "आमचा हक्क कुठे लिहिलाय?"

मी मॅडमकडे बघितलं. त्या मुलांचा प्रवेशच विद्यापीठाच्या लेखी झालेला नव्हता. फी परत मागता येणार होती, अप्पासाहेबांवर तक्रार करता येणार होती. पण ज्या वर्षात ती मुलं रोज येऊन बाकांवर बसली, ते वर्ष कागदावर नव्हतंच.

"तुमचं वर्ष गेलं, बाळा," मॅडम म्हणाल्या. 'बाळा' हा शब्द त्यांच्या तोंडून मी पहिल्यांदाच ऐकला. "पैसे मी मिळवून देईन. वर्ष कुणालाच देता येत नाही. मला शिकवता आलं ते एवढंच."

कोमलने मान हलवली. रडली नाही. "मग पैसे तरी सोडायचे नाहीत," ती म्हणाली.

ते भांडण पुढे फार लांबलं. अर्ज, सुनावण्या, पुन्हा अर्ज. मॅडमनी एकही तारीख चुकवली नाही. कॉलेज संपल्यामुळे त्यांना आता भरपूर वेळ होता. मुलं दादरला गेली, पण तिथे शिक्षकांना जागा नव्हती. "आपल्यासाठी कायद्यात काय आहे ते शोधलं मी, सर," त्या मला म्हणाल्या. "बघता बघता पुस्तक संपलं." मी ठाण्याला एका क्लासमध्ये चिकटलो. त्या नायगावच्या घरीच शिकवण्या घ्यायला लागल्या, भिंतीवरच्या निळ्या सुटातल्या फोटोखाली सतरंजी टाकून. पैसे शेवटी मिळाले. कोमलची आई सुके बोंबील घेऊन त्यांच्याकडे आली तेव्हा मी तिथेच होतो. मॅडमनी पुडा उघडून वास घेतला आणि म्हणाल्या, "आयुष्यभर कुणी लाच दिली नाही. म्हटलं, आपल्यात काही कमी आहे की काय." कोमलने दुसऱ्या कॉलेजात पुन्हा पहिल्या वर्षाला नाव घातलं होतं.

अप्पासाहेबांचं काय झालं, असं लोक विचारतात. काही झालं नाही. प्रकरण चालू आहे. आता चारही मजल्यांवर लग्नं लागतात. आमच्या स्टाफरूममध्ये नवरी तयार होते, आणि अर्थशास्त्राच्या वर्गात जेवणाच्या पंगती बसतात. त्या वर्गाचा त्याहून चांगला उपयोग पूर्वी कधी झाला होता असं मला प्रामाणिकपणे म्हणता येणार नाही.

मॅडमना मी शेवटचं पाहिलं ते गिरगावात. जून महिना, डोक्यावर ऊन. खोताच्या वाडीतल्या एका ओळखीच्यांकडून निघून मी मोठ्या रस्त्यावर आलो, तर पलीकडे एका नव्या, चकचकीत संस्थेबाहेर प्रवेशाची रांग लागलेली. काचेवर हसऱ्या मुलांची चित्रं आणि खाली न वाचता येईल एवढं बारीक काहीतरी. त्या काचेला नाक लावून एक ठेंगणी बाई ते बारीक मोठ्याने वाचत होती. पायात पांढरे शूज. थकलेल्या दिसत होत्या, साडी अंगावर सैल झाली होती. वाचून झाल्यावर त्या रांगेकडे वळल्या आणि एकेका आईबापाशी थांबून काही विचारायला लागल्या, बहुधा संलग्नतेबद्दल. काहींनी मान फिरवली. एका माणसाने खिशातून मोबाइल काढला आणि त्या सांगतील ते टाइप करू लागला.

गाड्या थांबल्यावर मी रस्ता ओलांडून रांगेपर्यंत पोचलो. तेवढ्यात संस्थेचा वॉचमन त्यांच्याजवळ आला.

"ओ बाई, इथे उभं राहायचं नाही. फक्त पालकांनी थांबायचं."

"मी पालकच आहे," मॅडम म्हणाल्या.

"मुलगा कुठाय तुमचा?"

मॅडमनी मागे वळून रांगेवरून नजर फिरवली, अगदी सावकाश, या टोकापासून त्या टोकापर्यंत.

"रांगेत आहे," त्या म्हणाल्या. "कुठला, ते अजून कळायचंय."